उलट्या रिळाचे हुलसूरकर

हुलसूरकर स्वतःचा सिनेमा कधी बघत नसत. पडदा लागला, प्रोजेक्टरचा दिवा पेटला, की हे गृहस्थ पडद्याकडं पाठ करून मांडी ठोकणार आणि समोर बसलेल्या माणसांची तोंडं बघत बसणार. पहिल्यांदा मला वाटलं, मान धरली असेल. दुसऱ्यांदा वाटलं, डोक्यातलं काहीतरी ढिलं आहे. तिसऱ्यांदा मी विचारलंच. तर म्हणाले, "सिनेमा मी काढताना बघितलाय, माणिकराव. आता तो ह्यांना कसा दिसतो ते बघतोय. तुम्ही तुमचा फोकस बघा. उजवीकडच्या बायका डोळे बारीक करताहेत." मी बघितलं, तर उजवी बाजू खरंच धुरकट झाली होती. मुकाट्यानं भिंग फिरवलं.

मी तेव्हा उस्मानाबादेत सरकारी प्रचारगाडीवर ऑपरेटर होतो. ऑपरेटर म्हणजे जीप चालवायची मीच, जनरेटरला दोरी मारायची मीच, पडदा बांधायचा मीच आणि रीळ तुटलं की शिव्या खायच्या त्याही मीच. कंपोस्ट खत, लहान कुटुंब, सहकारातून समृद्धी असले सिनेमे घेऊन मी गावोगाव हिंडायचो. त्यातला शेतकरी सदा हसतमुख, धोतर परीटघडीचं, आणि मागून कुणीतरी खर्जातल्या आवाजात सांगणार की शेतकरी आता जागा झाला आहे. बहात्तरच्या दुष्काळात शेतकरी जागाच होता. रेशनच्या लाल मिलो ज्वारीची भाकरी खाऊन झोप लागते कुणाला? पण ते बोलायचे मला पैसे मिळत नव्हते.

अशा त्या उन्हाळ्यात एक दिवस हुलसूरकर आमच्या कचेरीच्या आवारात उगवले. बुटके, पोट सुटलेलं, गुडघ्याखाली लोंबणारी हाफ पँट आणि पायात लोकरी मोजे. मे महिना, उस्मानाबाद, आणि लोकरी मोजे. खांद्यावर कॅमेऱ्याचं तिकाटणं, हातात पत्र्याची ट्रंक. मूळचे सीमेपलीकडचे, हुलसूरचे. राग आला की कानडीत शिव्या देत, आणि राग दर अर्ध्या तासाला येई. मुंबईला सरकारच्या सिनेमाखात्यात कॅमेरामन होते. एक मंत्री दुष्काळाची पाहणी करायला आले असता लागोपाठ तीन पेले गार पाणी प्यायले, ते ह्यांनी तिन्ही पेल्यांसकट टिपलं. वरून हुकूम आला, दोन पेले काढून टाका. ह्यांनी उलट लिहून पाठवलं, कुठले दोन? त्यानंतर नोकरी उरली नाही. उरला तो चावीचा एक जुना कॅमेरा. घड्याळासारखी किल्ली द्यायची, की अर्धा मिनिट चालणार आणि मग आचका देऊन थांबणार. वीज नको, बॅटरी नको, आवाजाची भानगड नाही. सिनेमा मुका.

त्यांना माझा प्रोजेक्टर हवा होता. सरकारी प्रोजेक्टर खासगी माणसाला द्यायचा नाही, हे मी त्यांना नियमावर बोट ठेवून सांगितलं. त्यांनी मला तेरला एका हॉटेलात भजी खाऊ घातली आणि पंधरा मिनिटांत नियमाचा निकाल लावला. मी तसा विकाऊ माणूस नाही. पण भजी गरम होती आणि कंपोस्ट खताला मी कंटाळलो होतो.

तेरच्या अलीकडं बोरखेडं म्हणून गाव. गावाच्या खालच्या अंगाला बौद्धवाडा, चाळीस-पंचेचाळीस घरं. तिथल्या बायामाणसांना दुष्काळी कामावर विहीर खोदायला लावलं होतं. काळा खडक, वीतभर खणायला दिवस जायचा. हुलसूरकर तिथं जाऊन राहिले ते राहिलेच. काम काय, तर विहिरीचा सिनेमा. पण तो त्यांनी एकट्यानं काढायचाच नाही, असं ठरवलेलं. मुंबईहून रीळ धुऊन आलं, की मी जीप घेऊन जायचो, समाजमंदिरात पडद्याऐवजी धोतर ताणून ते दाखवायचो, आणि मग हुलसूरकर उभे राहून विचारायचे, "बोला, ह्यात खोटं काय आहे?" माणसं सांगतील तो तुकडा त्यांच्यादेखत कात्रीनं कापून टाकायचे. "ज्याची तसबीर, त्याची कात्री" हे त्यांचं पालुपद. माझा जीव तुटायचा. फिल्म काय भावानं मिळते, आणि हा माणूस ती शेवग्याच्या शेंगा चिराव्यात तशी चिरतोय.

रीळ "धुवायला" मुंबईला जातं, हे ऐकून बायका चकित झाल्या होत्या. इथं हंडाभर पाण्यासाठी दोन कोस पायपीट, आणि ह्यांच्या चित्रांना आंघोळी. सोजरबाई म्हणून एक होत्या, चाळिशीच्या, विधवा, कामावरच्या बायकांच्या म्होरक्या. त्यांनी हुलसूरकरांना सरळ सांगितलं की धुवायचंच तर मुंबई कशाला, रिठ्याच्या पाण्यात म्याच धुऊन देते. हुलसूरकर इतके हसले की त्यांना ठसका लागला. तिथून दोघांची गट्टी जमली. वाड्यात लिहिता-वाचता येणारा प्रत्येक माणूस मास्तर, म्हणून हुलसूरकरही मास्तर झाले.

पहिल्याच रिळावरून भांडण झालं. रीळ बघून बायका रुसून बसल्या. कारण विचारलं, तर म्हणाल्या, आमाला भिकाऱ्यावानी दावलंय. दुसऱ्या दिवशी सगळ्याजणी ट्रंकेतली लग्नातली लुगडी नेसून खडी फोडायला हजर. हिरवी, जांभळी, जरीच्या काठाची. हातात घण. मी म्हटलं, आता झाली पंचाईत. हुलसूरकरांनी किल्ली दिली आणि दिवसभर तेच काढलं. तेव्हापासून कॅमेरा निघाला की लुगडी निघायची. पुढं ते रीळ त्यांच्या मुंबईच्या विद्वान दोस्तांनी बघितलं आणि नाकं मुरडली. दुष्काळात जरीचे काठ म्हणजे वास्तवाचा विपर्यास आहे, असं कुणीसं म्हणालं. हुलसूरकरांनी त्याला विचारलं, "उपाशी माणसानं फाटकंच नेसावं असा सरकारी आदेश निघालाय का? मला अजून मिळालेला नाही." त्या दोस्तानं पुन्हा त्यांना घरी बोलावलं नाही.

ते देवमाणूस बिवमाणूस होते, असं मात्र समजू नका. चहात साखर कमी पडली तर कप भिंतीवर आपटायचे. वांगं ताटात दिसलं की उठायचे, आणि आमच्याकडं दुष्काळातसुद्धा वांगी व्हायची. एकदा कॅमेऱ्याच्या तोंडावरचं झाकण न काढता अख्खं रीळ संपवलं. धुऊन आलेलं ते काळंकुट्ट रीळ त्यांनी लोकांना दाखवलं आणि हा एक प्रयोग आहे म्हणून छाती फुगवली. सोजरबाई म्हणाल्या, "परयोग न्हाय मास्तर, झाकन हाय." ह्यावर ते अर्धा दिवस कुणाशी बोलले नाहीत.

विहीर तीस हातांवर गेली आणि हुलसूरकरांना कावीळ झाली. डोळे झेंडूसारखे पिवळे. मुंबईला जाणं भाग होतं, आणि पाणी तर आता कधीही लागेल. त्यांनी काय करावं? कॅमेरा सोजरबाईंच्या हवाली केला. तिकाटण्यावर ठेवून कसा चालवायचा, हे त्यांनी बाईंना आधीच शिकवलं होतं. अंधारात रीळ बदलायला माझं घोंगडं मागून घेतलं. आम्ही धनगराचे, माझ्या बापाचं खास विणून घेतलेलं घोंगडं ते, पण देऊन टाकलं. तिकाटणं घेऊन खडकात चढउतार व्हायची नाही, म्हणून जाता जाता त्यांनी कॅमेऱ्याला खालून एक मूठ बसवली, धरायला सोपी म्हणून. कोऱ्या रिळाच्या सहा डब्या दिल्या आणि एस.टी. धरली.

मी त्यांना म्हटलं होतं, अहो, त्या बाईनं आयुष्यात घड्याळाला किल्ली दिलेली नाही. तर म्हणाले, "मी दिली, काय उजेड पडला?"

दोन महिने ते पडून होते. इकडं पाणी लागलं. ज्या दिवशी लागलं, त्या दिवशी वरच्या आळीतले, गावच्या सोसायटीचे आबासाहेब चेअरमन कडक इस्त्रीत नारळ घेऊन आले. विहिरीच्या कामाकडं सहा महिने ते फिरकले नव्हते. नारळ फोडला, चार शब्द बोलले आणि पंधरा दिवसांत गावात पाणीपुरवठा सहकारी संस्था निघाली. संस्थेच्या कागदावर असं आलं की ही विहीर गावानं श्रमदानातून खोदली आहे, सबब ती संस्थेची. संस्थेचा सभासद व्हायचं तर जमीन पाहिजे. बौद्धवाड्यात जमीन कुणाला होती? मग वाड्यानं काय करायचं? तर संस्थेचा माणूस वरून ओतेल तेवढं खाली घागर धरून घ्यायचं. आपली बादली विहिरीत सोडायची नाही. ज्यांनी खडक फोडला त्यांनी ओंजळ पसरायची.

वाड्यानं अर्ज केला. दुष्काळी कामाचा हजेरीपट मागवला, तर तो उंदरांनी खाल्ला, असं उत्तर आलं. आमच्याकडच्या उंदरांना नेमका कोणता कागद खायचा हे बरोबर कळतं. दिवाळीनंतर प्रांतसाहेब स्वतः गावात येऊन चौकशी करणार, असं ठरलं. हुलसूरकरांची आधीची रिळं मुंबईच्या त्या रुसलेल्या दोस्ताकडंच राहिली होती, त्यामुळं वाड्याकडं पुरावा म्हणून एकच गोष्ट होती, सोजरबाईंनी काढलेल्या सहा डब्या. त्या धुऊन, एकाला एक जोडून, चौकशीच्या आदल्या दिवशी एकदाच्या हातात आल्या.

समाजमंदिरात धोतर ताणलं. सगळा वाडा दाटीवाटीनं बसला. मी दिवा लावला. पहिला तुकडा फोकस जुळवण्यातच गेला. चित्र स्वच्छ झालं आणि बघतो तर काय. पडद्यावर माणसं वटवाघळासारखी लटकत होती. आभाळ खाली, खडक वर, बायका डोकं खाली करून पाट्या वाहतायत. मी म्हटलं, रीळ उलटं बसलं असेल. बघितलं, तर रीळ सरळ होतं. मग उलगडा झाला. बाईंनी त्या मुठीला वरून धरलं होतं. कंदील धरावा, बादली धरावी, तसा कॅमेरा मुठीला खाली लटकवून धरला होता. जन्मभर ज्या ज्या वस्तूला मूठ बघितली, ती वरूनच धरायची असते. आणि भोकातून बघितलं तर जग सरळच दिसतं, यंत्र कसंही धरा. सहाच्या सहा डब्या डोक्यावर उभ्या.

सोजरबाई उठल्या, भिंतीशी गेल्या आणि कपाळ टेकून रडायला लागल्या. "म्या बुडिवलं समद्यास्नी," एवढंच म्हणत होत्या. हुलसूरकर त्यांच्याजवळ जाऊन उभे राहिले. कावीळ अजून पुरती उतरली नव्हती. त्यांनी बाईंना गप्प केलं नाही, समजूत घातली नाही. हळू आवाजात म्हणाले, "बाई, चूक माझी आहे. तुमची नाही." मला वाटलं, मूठ कशी धरायची ते सांगायला विसरले, त्याबद्दल म्हणत असतील. असल्या वेळी माणूस काहीतरी म्हणतोच.

उपाय मी काढला, हे मी मुद्दाम सांगतो, कारण दुसरं कुणी सांगणार नाही. रीळ शेपटाकडून लावलं तर चित्र सरळ होणार. फक्त चालणार उलटं. शेवट आधी, सुरुवात शेवटी. मुंबईला पाठवून ते नीट करून आणता आलं असतं, पण त्याला महिना लागणार आणि प्रांतसाहेब उद्या येणार. मी हुलसूरकरांना म्हटलं, आता दोनच मार्ग आहेत, माणसं डोक्यावर चालवा नाहीतर मागं चालवा. ते म्हणाले, "मागं चालवा."

दुसऱ्या दिवशी गावच्या शाळेत भरदुपारी खिडक्यांना गोधड्या आणि घोंगड्या लावून अंधार केला. पुढं खुर्चीवर प्रांतसाहेब, तरणेबांड, पुण्याकडचे. शेजारी आबासाहेब चेअरमन. एका बाजूला गाव, दुसऱ्या बाजूला वाडा. मी बुद्धाचं नाव घेतलं, खंडोबाचं घेतलं, कुणालाही नाराज केलं नाही, आणि बटण दाबलं.

पडद्यावर पहिले आले ते चेअरमनच. खडकावर नारळाची शकलं पडलेली. ती टुणकन उडाली, एकमेकांना चिकटली, पाणी आत शिरलं आणि अख्खा नारळ आबासाहेबांच्या हातात जाऊन बसला. आबासाहेबांनी तो आदबीनं छातीशी धरला आणि पाठीमागं चालत चालत, धोतर सावरत, चित्राबाहेर निघून गेले. गावाच्या बाजूला पहिलं खुसखुसणं झालं. मग विहिरीतलं पाणी खडकात जिरलं. मग बायका. ढिगाऱ्यावरचा मुरूम उडून त्यांच्या पाट्यांत येऊन बसायचा, त्या भरल्या पाट्या घेऊन पाठमोऱ्या विहिरीत उतरायच्या आणि तळाशी ओतून रिकाम्या वर यायच्या. सुरुंगाचा धूर आभाळातून गोळा झाला, धोंडे वरून खाली आले, भेगा मिटल्या आणि खडक पूर्वीसारखा एकसंध होऊन बसला. मी इतकी वर्षं सिनेमे दाखवले, पण असं काही बघितलं नव्हतं. इतक्या माणसांची इतक्या महिन्यांची मेहनत डोळ्यांदेखत बुजत चालली होती. वाड्यातली एक म्हातारी पदर तोंडात कोंबून बसली होती.

चेअरमन उठले. म्हणाले, "साहेब, ह्या बाया तर इहीर बुजवायल्यात. सरकारी इहीर बुजवल्याचा ह्यो पुरावा हाय, लिहून घ्या." चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात, त्या मी ह्या कानांनी ऐकल्या.

प्रांतसाहेबांनी रीळ थांबवायला सांगितलं आणि हुलसूरकरांना विचारलं, हा काय प्रकार आहे? आता ह्या माणसानं सांगायचं की नाही? तुम्ही शिकलेले, तुम्हाला इंग्रजी येतं, साहेब तुमचं ऐकेल. दोन मिनिटांत समजावून मोकळे व्हा. पण हुलसूरकर म्हणाले, "साहेब, सिनेमा सोजरबाईंनी काढलाय. त्यांना विचारा." आणि खाली बसले. मी अंधारात त्यांना अशा शिव्या दिल्या की त्यांची कानडी फिकी पडावी. वाड्याचं पाणी पणाला लागलंय आणि ह्यांना तत्त्व सुचतंय.

सोजरबाई उभ्या राहिल्या. ह्या शाळेची पायरी त्या त्याच दिवशी पहिल्यांदा चढल्या होत्या. डोक्यावरचा पदर नीट केला. म्हणाल्या,

"साहेब, म्या क्यामेरा उलटा धरला. चूक माजी हाय. पर बुजवनारी तोंडं वळकू येत्यात का? मंग उकरनारी बी तीच. दुसरी कुठनं आनायची?"

साहेबांनी पेनाचं टोपण काढलं. बाईंना धीर आला. म्हणाल्या, "रीळ उलटं चालवा न्हाईतर सुलटं. त्यात चेअरमन कुठं हायती, तेवडं इचारा."

साहेबांनी खुर्ची वळवली आणि चेअरमनना तेच विचारलं. चेअरमन म्हणाले, हे काय, नारळ फोडताना आहे की मी. साहेब म्हणाले, "फोडताना कुठं? तुम्ही तर जोडताय." तेव्हा मात्र गावाच्या बाजूचीसुद्धा माणसं हसली. खो खो हसली. एकदा गाव हसलं, की चेअरमनकी संपते. मग साहेबांनी मला रीळ पुढं न्यायला लावलं. वाड्यातला एकेक माणूस उभा करून पडद्यावर स्वतःला दाखवायला सांगितलं. लग्नातल्या लुगड्यांमुळं बायका चटचट ओळखू येत होत्या. जांभळ्या काठाची ही, हिरवी ती. सव्वीस नावं त्यांनी स्वतः लिहून घेतली, आणि रिळाच्या टोकापर्यंत न थांबता पुरे म्हणून उठले. शेवटच्या तुकड्याकडं कुणाचं लक्ष नव्हतं. मी दिवा घालवला.

विहीर वाड्याच्या हातची राहिली. खालच्या बाजूचा रहाट वाड्याचा, आपली बादली आपण सोडायची. संस्थेनं उरलेलं पाणी घ्यावं, असं साहेबांनी लिहून दिलं. संस्था पुढं बुडाली ते वेगळं, आमच्याकडच्या संस्था पाण्यात असोत की नसोत, बुडतातच.

त्यानंतर हुलसूरकर आमच्या जिल्ह्यात दहा-बारा वर्षं येत-जात राहिले. अणदूरच्या बाजूला मेंढपाळांकडं राहिले, उमरग्याला ट्रकच्या क्लीनर पोरांबरोबर हिंडले. दर वेळी कॅमेरा दुसऱ्याच्या हातात आणि भज्यांचा खर्च माझ्यावर. विहिरीचा सिनेमा त्यांनी एका मोठ्या महोत्सवाला पाठवला होता. तिथून परत आला, छायाचित्रण सदोष आहे अशी चिठ्ठी लावून. ती चिठ्ठी घेऊन ते थेट बोरखेड्याला गेले आणि सोजरबाईंना वाचून दाखवली. बाईंनी विचारलं, सदोष म्हंजी? हे म्हणाले, म्हणजे उलटं. बाई म्हणाल्या, मंग बरोबर लिवलंय की. ते रीळ त्यांनी बाईंनाच देऊन टाकलं, कात्रीसकट. बाईंनी ते पिठाच्या डब्यात ठेवलं.

सोलापूरच्या दवाखान्यात हुलसूरकर वारले. लिव्हरनं शेवटी डाव साधला. मला कार्ड आलं ते बारा दिवसांनी. मी कार्ड वाचलं आणि जीप धुवायला घेतली, कारण दुसरं काय करावं ते सुचेना. जीप तीनदा धुतली. मग बोरखेड्याला निघालो.

वाड्यानं विहारात शोकसभा ठेवली होती. फोटो लावायचा तर हुलसूरकरांचा फोटो कुणाकडंच नव्हता. आयुष्यभर दुसऱ्यांची चित्रं काढत फिरलेल्या माणसाचं स्वतःचं पोस्टाच्या तिकिटाएवढंही चित्र नाही. सोजरबाईंचे केस आता पिकले होते. त्यांनी पिठाचा डबा आणून माझ्यापुढं ठेवला आणि म्हणाल्या, लावा. मी दारं लावून घेतली, खिडकीला घोंगडं टांगलं, धोतर ताणलं आणि रीळ शेपटाकडून लावलं.

पुन्हा नारळ जुळला, पुन्हा धूर खडकात गेला, पुन्हा विहीर भरत आली. त्यातल्या चार-पाच बायका आता नव्हत्या. त्यांची नावं कुणीतरी हळूच घेत होतं. विहीर पुन्हा तीस हातांवर आली, बाईंनी टिपलेली पहिली कुदळ हवेत गेली. मी दिवा घालवणार, तेवढ्यात सोजरबाई म्हणाल्या, "थांबा. अजून हाय." क्षणभर पडदा काळा झाला आणि मग फुफाट्याचा रस्ता दिसला. लांब एस.टी. उभी. तिच्यातून एक बुटका माणूस पाठमोरा उतरला. खांद्यावर ट्रंक, पायात लोकरी मोजे. कावीळ झालेले हुलसूरकर मुंबईला निघाले होते, त्या दिवशीचं ते चित्र होतं, बाईंनी हातात कॅमेरा घेऊन काढलेलं सगळ्यात पहिलं. ते गेले होते, म्हणून आता ते येत होते. एकेक पाऊल मागं टाकत, फुफाटा पायाखाली गिळत, आमच्याकडं.

मागून कुणीतरी पुटपुटलं, "पावलं उलटी हायती."

सोजरबाई मागं न बघता म्हणाल्या, "धम्म घेतल्यापसनं आपल्यात भुतं न्हाईत. मास्तर हायती त्ये."

हुलसूरकर अगदी जवळ आले, पडदाभर पाठ झाली, आणि ते वळले. पिवळे डोळे. समोर बाई, बाईंच्या हातात कॅमेरा, आणि हे त्या कॅमेऱ्याकडं टक लावून बघतायत. आधी हसले, मग काहीतरी बोलले, सिनेमा मुका. आणि रीळ संपलं.

मी प्रोजेक्टरजवळ तसाच उभा राहिलो. समोर हातभर अंतरावर उभ्या असलेल्या कॅमेरामनला मूठ उलटी धरलीय हे दिसलं नाही, असं होईल? मी बाईंना विचारलं, ते काय बोलले?

"म्हनले, बाई, धरलाय तसाच धरा. फकस्त हात कापू देऊ नका."

म्हणजे त्यांनी बघितलं होतं. बघितलं आणि सुधारलं नाही, कारण बाईंचा सिनेमा बाईंच्या हातानं व्हायचा होता. पुढं त्यावर वाड्याचं पाणी अवलंबून राहील, हे त्या बिचाऱ्याला काय ठाऊक. मी बाईंना म्हटलं, मग त्या दिवशी शाळेत प्रांतसाहेबांपुढं चूक तुमची म्हणून का सांगितलंत?

बाई म्हणाल्या, "त्यास्नी कावीळ झाली व्हती. अजून किती द्यायचं त्यांच्या डोस्क्यावर?"

मला रडू आलं, हे मी कबूल करतो. रागही आला. इतकी वर्षं ह्या माणसानं माझी भजी खाल्ली आणि एका शब्दानं सांगितलं नाही. मी कोऱ्या धोतराकडं बघून एक सणसणीत शिवी दिली, विहारात देऊ नये अशी. सोजरबाईंनी ऐकली. फक्त हातानं खूण केली, पुन्हा लावा म्हणून.